एकसष्ट जीबी रस्ते

सी ड्राइव्ह तांबडा झाला तेव्हा
बंदी उठून चारच दिवस झाले होते,
हर्णैला पुन्हा होड्या लागत होत्या
आणि बर्फाच्या कारखान्याचा हिशेब
सेव्ह व्हायला तयार नव्हता.

"मुबीनचे ते गेम पुसून टाक,"
बाबा म्हणाले, चप्पल शोधत.
"तो काय आता येऊन खेळणाराय?"
मी हो म्हटलं.
मग दापोलीच्या तांबुटकरांकडून
एक टीबीची डिस्क मागवली
आणि वहीत लिहिलं: प्रिंटरची शाई.

कॅबिनेटचे चारही स्क्रू गंजलेले.
समुद्रापासून दोनशे पावलांवर
लोखंड किती दिवस लोखंड राहणार!
तिसऱ्याला खोबरेल लावलं.
चौथ्याचं डोकं तुटलं, तो तसाच सोडला.
आत पंख्यावर बारीक वाळू,
आणि वायरी एकत्र बांधणारी
त्याच्या हातची रबराची रिंग.
ती मी काढली नाही.

पहिल्यांदा चुकलेच.
सरळ कट केलं, डीमध्ये पेस्ट केलं,
एका टोपातलं दुसऱ्या टोपात ओतावं तसं.
होडी लांब पाण्यात उभी राहते,
बैलगाडी छातीभर लाटांत शिरते,
पाट्या घेते, वाळूवर उतरवते, परत वळते,
तेवढ्याच सावकाश ती हिरवी पट्टी.
त्रेसष्ट टक्क्यांवर वीज गेली.
यूपीएस कोकलत राहिला
आणि मी पट्टीला, बैलाला म्हणतात तसं,
हळूच चल रे चल रे म्हणत राहिले.
लाइट आली तेव्हा दोन मिनिटं उरली होती.

सगळं पोचलं. फाइल अन् फाइल.
तरी डेस्कटॉपवरचं चित्र
कोऱ्या कागदासारखं पांढरं.
क्लिक केलं, तर म्हणे सापडत नाही.
अरे, समोरच तर आहे!
पण गेम आपला
बसवला तिथलाच पत्ता घोकत होता.

दोह्याला शुक्रवार. मुबीन झोपेतच बोलला.
"येडे, जुन्या जागी जंक्शन कर.
फोल्डर नसतो तो, फोल्डरसारखा दिसतो.
गेम दार ठोठावणार सीचं,
उघडणार डीमध्ये.
त्याला कळणारही नाही."
"म्हणजे फसवायचं?"
"समजूत घालायची गं."

मला रेशन कार्ड आठवलं.
त्यावर मुबीन अजून हर्णैतच राहतो
आणि दर महिन्याला त्याच्या नावचे तांदूळ
आम्ही निमूट खातो.

काळ्या खिडकीत एक ओळ टाइप केली.
दोनदा स्पेलिंग चुकलं.
तिसऱ्यांदा चित्रात रंग भरला.

ट्रकचा गेम. कुठल्या तरी थंड गावात,
रात्री, पेट्रोल पंपाच्या कडेला,
दोन वर्षांपूर्वी त्याने लावला होता तिथेच ट्रक,
वायपर चालू.
"जिथे सोडलास तिथेच आहे,"
मी फोनवर म्हटलं, जरा ऐटीतच,
"मी आणला उचलून."
तो हसला. "तो नाही आणलास.
सेव्ह डॉक्युमेंट्समध्ये असते.
चार एमबी. ती सीमध्येच आहे."

म्हणजे रात्रभर मी वाहिले
ते एकसष्ट जीबी नुसते रस्ते,
पूल, पाऊस, दुसऱ्यांच्या गाड्या.
तो कुठवर गेला होता, ते
घरातून हललंच नव्हतं.

लिलाव आटपून बाबा आले,
बाह्यांना बांगड्याचे खवले.
स्क्रीनसमोर थांबले.
प्रिंटरच्या शाईबद्दल काही विचारलं नाही.
"हा कुठला गाव?"
"माहीत नाही."
ते वाकले, चष्मा वर करून काटा पाहिला.
"डिझेल अर्धं आहे.
इंजिन बंद कर, उगाच जळतंय."

कुठलं बटण, मला ठाऊक नव्हतं.
बाबा स्टूल ओढून बसले,
आणि मी पुन्हा
दोह्याला फोन लावला.