बेड नंबर नऊ

आमच्या स्वयंपाकघरात आता वांगी आहेत.
म्हणजे, जिथं ते होतं तिथं.
भुसावळला, गार्ड लायनीमागं
रेल्वेनं क्वार्टरं पाडली, विटा नेल्या,
दारं-खिडक्या लिलावात गेल्या.
जोती तेवढी राहिली,
ती उपसायला पैसे मंजूर झाले नाहीत म्हणून.

जोत्यांवर खोल्या आखलेल्याच होत्या, वाफे वेगळे पाडावे लागले नाहीत.
सुभान तडवीची मेथी फेगड्यांच्या न्हाणीत.
डोरीन मिसचा पुदिना व्हरांड्यात,
तो कुणाचं ऐकत नाही, बैठकीपर्यंत आलाय.
वच्छीनं गिलक्याचा वेल चढवला
मीटरच्या खांबावर,
रीडिंग घ्यायला मीच जाते म्हणते.

फरशी फोडायला दोन रविवार गेले.
खालची माती राखेसारखी, इंजिनांच्या काळातली,
कोळशाचे बारके खडे अजून तिच्यात.
मंदाकिनी फेगडेच्या सासऱ्यानं यावलहून
केळीच्या खांबांची ट्रॉली पाठवली कुजवायला.
भाड्याचं विचारलं तर म्हणाला,
भरीत कराल तव्हा बोलवा.

नळ दहा दिवसांनी येतो.
त्या दिवशी इथं कुणी लग्नालासुद्धा जात नाही.
मग झाडांना काय?
तांदूळ धुतलेलं, डाळ धुतलेलं,
आणि माझ्या सलाईनच्या बाटल्या.

मी दवाखान्यात मावशी आहे, रात्रपाळीची.
रिकाम्या बाटल्या मागितल्या तर सिस्टर म्हणाल्या, नियमात बसत नाही.
चौथ्या दिवशी म्हणाल्या, सुई नको, रक्त लागलेलं काही नको,
बाकी मी पाहिलं नाही.
बूड कापायचं, काठीला उलटी टांगायची,
चाकी फिरवून थेंब धरायचा,
मिनिटाला सहा, मे महिन्यात दहा.
एवढं मला येतं. शेतीतलं दुसरं काही येत नाही.

पट्टीवरची नावं तशीच राहिली,
मग झाडांनाही तीच पडली.
झोपे आजोबांना फुलं आली.
शेवंताबाईला मावा लागलाय, राख टाका.
बेड चारच्या पायाशी पाणी साचतंय, उतार द्या.
पोरं हसायची. आम्हीही.
कोण घरी गेलं, कोण नाही,
ते मला ठाऊक होतं. मी बोलले नव्हते.

दिवाळीनंतर एक माणूस आला,
स्कूटर लावली, वीस रुपयांची गिलकी द्या म्हणाला.
विकत नाही हो, वच्छी म्हणाली,
घेऊन जा, येताना बादलीभर पाणी आणा.
तो पाय जपत जपत आत आला
आणि आमच्या स्वयंपाकघरात थांबला.

पट्टीवर निळ्या पेनानं:
सुपडू नारखेडे, बेड ९, रात्री ११.२०.
अक्षर सिस्टरचं.
बाटली मी काढली होती,
अर्धी असतानाच.

त्यानं चाकीला बोट लावलं.
हळू चालूय, म्हणाला.
झाडाला एवढंच लागतं, मी म्हणाले.
हं, म्हणाला,
आणि गिलकी तिथंच विसरून गेला.

आता नळाच्या दिवशी तो येतो,
पायाशी दोन कॅन ठेवून.
नऊ नंबर आधी भरतो, उरलेलं बाकीच्यांना.
कुठल्या बेडचं कोण, विचारत नाही.

भरीत झालं पौषात. पऱ्हाटी सुभाननं आणली.
धूर सगळा सिग्नलकडं गेला,
मिरच्या जास्त झाल्या, पुऱ्या कमी पडल्या,
यावलचा सासरा दोनदा जेवला.
वांगी हातानं तोलून हलकी हलकी काढली,
जड म्हणजे नुसत्या बिया.
नऊवरचं एक जड होतं.
ते कुणी तोडलं नाही.

पिवळं पडलंय आता, जमिनीला टेकायला आलंय,
आईची शेगडी असायची त्या कोपऱ्यात.
खाली मी वीट सरकवून ठेवलीय,
क्वार्टरचीच,
मोजताना त्यांच्याकडून राहिलेली.