दिवापट्टी

हुर्वान बंदराच्या खालच्या आळीत एकशे बारा उंबरे.
दर घनरातीला मी ते मोजतो,
म्हणजे उंबरे नव्हे, त्यांच्या आतले दिवे.
वातीमागे एक कवडी, काच असेल तर दोन,
देवमाशाच्या चरबीवर जळणाऱ्याला तीन.
पाच महिने सूर्य आमच्याकडे फिरकत नाही;
राजाची तिजोरी अंधारावरच चालते.

शेवटचं घर इस्मुर्वेचं.
वामांचे सापळे विणते, बोलते कमी.
वहीत तिच्यापुढे सहा वर्षं एकच नोंद : दिवे, एक.
यंदा तिनं दार उघडलं
आणि माझी सावली उडी मारून मागे पडली,
थेट धक्क्यापर्यंत.

"दिवा कुठाय?"
"विकला."
"मग हे काय?"
"हे सापळ्यात आलं. वामांबरोबर.
दोन्ही चंद्र बुडाले त्या रात्री."

ते खाटेखाली शिरलं होतं,
परका माणूस पाहून मांजर शिरतं तसं.
खाटेच्या कडांखालून त्याची झालर जमिनीवर सांडत होती.
रंग सांगता येत नाही.
उतू जायच्या आधी दुधाच्या कडेला
क्षणभर काहीतरी थरथरतं ना,
त्याच्या जवळपासचं.
वास मात्र नक्की होता. ओल्या लोकरीचा.

मी तीस वर्षांचा मुरलेला कारकून.
वात? नाही. काच? नाही. तेल?
"खारं पाणी पितं," ती म्हणाली, "बशीतून.
शेजारी भांडण झालं की विझत येतं.
तुम्ही जरा आवाज खाली करा."

सरकारी आवाज खाली कसा करतात
मला ठाऊक नव्हतं.
घशात बराच चाचपडलो, तेव्हा सापडला.

मग ते आलं.
आधी एक कड, मग थांबणं, मग दुसरी कड.
माझे बूट हुंगले.
मांडीवरच्या वहीवर चढलं आणि बसलं.
पान वाकलं नाही, इतकं हलकं;
पण मांडीला ऊब लागली,
झोपलेल्या लेकराच्या डोक्याची लागते तशी.

त्याच्याखाली अक्षरं उघडी पडत गेली :
ओर्गात, तेरदीन, साशीर, भुल्मा.
भुल्माच्या नावापुढे तीन.
आणि तिनाच्या पोटात, शाईखाली दडपलेला,
अकरा वर्षांपूर्वीचा दोन.
वरची कवडी दर साली कुणाच्या खिशात गेली
हे वहीत नाही.

ते काही बोललं नाही.
तेवढं एक बरं, उजेडाला तोंड नसतं.
इस्मुर्वेनं पाहिलं
आणि सापळ्याची गाठ दातांनी आवळली.

काहीतरी बोलायचं म्हणून विचारलं,
"नाव काय ठेवलंत याचं?"
"नाही ठेवलं.
नाव ठेवलं की हाक मारावीशी वाटते.
मग आपणहून येणं संपतं त्याचं."

दौत उघडली. लिहिलं :
इस्मुर्वे, खालची आळी, दिवे,
आणि टाक हवेतच राहिला.
शून्य लिहावं तर खोटं,
एक लिहावं तर त्याहून खोटं.
टाकावरचा थेंब सुकला.
जागा कोरी सोडून मी वही मिटली.

परतताना भुल्माच्या उंबऱ्यावर
अकरा कवड्या ठेवल्या, दार न ठोठावता.
तिचा कुत्रा भुंकला. भुंकणारच.

खजिनदार हेल्तूबला बेरीज जुळेना.
चष्मा पुसून त्यानं तीनदा मांडली,
मग माझ्या वयाला दोष देऊन वही फळीवर चढवली.

आता वहीखान्याचा पहारेकरी कुरकुरतो :
चौथ्या फळीशी ओल्या लोकरीचा वास येतो,
आणि डोळ्याला काहीतरी लागतं, नखाएवढं.
मी म्हणतो, जुने कागद, चालायचंच.

रात्रीच्या घंटेनंतर मी खाऱ्या पाण्याची बशी नेऊन ठेवतो.
सकाळी (सकाळ म्हणायची आमच्याकडे निव्वळ पद्धत आहे)
बशी कोरडी असते.

पट्टी अजून कुणी मागितलेली नाही.