ट्रायपॉडची हळद

आधी मी फ्रिज बंद करायला सांगितला,
माइकमध्ये त्याची घरघर येत होती.
पोशीबाय म्हणाली, आतले बोंबील वास मारतील,
त्याचे पैसे फिल्लमवाले देतील का?
हो म्हटलं. बजेटमध्ये नव्हतं.

ट्रॉम्बे कोळीवाड्यातली दुपार. खिडकीत माहूलची चिमणी,
टोकाशी भर उन्हातही जळणारी ज्योत.
चार धवलारिणी भिंतीला टेकून,
चौघींच्या चोळीला चार माइक,
चौघींचे चार ट्रॅक.
गा, म्हटलं.
कुणी गाईना.

"लगीन कनाचा हाय गो?"
कुणाचंच नाही, नुसतं शूटिंग आहे.
"मंग धवला कनाला गावाचा?
नवरा नाय, नवरी नाय, मांडव नाय,
देव उठून आले त बसवाचे कुठं?"

माझ्या वहीत विधी, परंपरा, मौखिक असले शब्द,
खाली लाल रेघ मारलेले.
मी पान उलटलं. पुढचं कोरं होतं.

मग मांजूबाय उठली, गुडघ्यावर हात रेटत.
वाटीत हळद कालवली
आणि ट्रायपॉडच्या तिन्ही पायांना लावली.
"बारीक हाय, पन उंच हाय नवरा."
बोट लेन्सकडे वळलं तशी मी ओरडले.
हसून हसून धाकलीबायला ठसका लागला.

नवरीचं निघालं
तेव्हा सगळ्या माझ्याकडे बघायला लागल्या.
माझं झालंय, म्हटलं. मोडलंयही.
"मोडला त मोडला. आयशीचा नाव सांग."
द्वारका.

पावणेदोन तास गायल्या. कार्ड भरलं, बदललं.
कुठल्याशा कडव्यात द्वारकाची लेक पाटावर बसली.
द्वारका वारली त्याला अकरा वर्षं झाली,
पण मांडवाच्या मेढीशी ती उभी होती,
नाकात नथ, मी कधीच न पाहिलेली.
मी फोकस बघत होते.
बघत होते असं म्हणू.

आता अंधेरीत, रात्री, एडिटवर
पोशीबायचा ट्रॅक एकटा लावते:
दोन शब्द, श्वास, मग रिकामं.
मांजूबायचा लावते: ओळीचं शेपूट फक्त,
आणि बांगडीचा आवाज.
धाकलीबाय दम घेते तिथं सोनकी आधीच पोचलेली.
एकेक करून चारी ऐकले.
गाणं एकावरही सापडलं नाही.
चॅनलच्या फॉर्मवर एक रकाना आहे,
मुख्य गायिकेचं नाव.

पस्तिसाव्या मिनिटाला मागे एक पाचवा आवाज येतो,
बारका, बेसूर, शब्द चुकवत.
तो कापायचाय.
दोनदा कर्सर तिथं नेला.

ट्रायपॉड भाड्याचा होता. दुकानातल्या पोरानं
पाय पुसून बघितले, थुंकी लावून बघितले,
मग डिपॉझिटमधून तीनशे कापले.

पोशीबायचा फोन आला, बोंबलांचे पैसे कधी देतेस?
आणि मग, सहज, नवरा कसा हाय?
परत केला, म्हटलं.
ती काही बोलली नाही.
पलीकडे फ्रिज घरघरत होता.