मंगळवार, चार ते चार-पन्नास

मंगळवारी चार वाजता
मी कुणालाच वेळ देत नाही.
वहीत तिथे नुसती पेन्सिलीची रेघ आहे.
ओफेलिया, जिच्याकडे मी माझं ओझं उतरवायला जाते,
दर महिन्याला विचारते, "मिर्ता, अजून?"
अजून.

रोसारिओचा हा सरकारी दवाखाना,
दुसरा मजला, लिफ्ट बंद,
भिंतीपलीकडे दातांचा डॉक्टर.
कुणी चाचपडत आईच्या मरणापाशी येऊन ठेपतं
आणि नेमकं तेव्हाच त्याचं ड्रिल सुरू होतं.
आम्ही थांबतो. ओशाळून जरा हसतो.
मग ते मरण पुन्हा शोधावं लागतं,
किल्ल्या हरवल्यासारखं.

एवारिस्तो पारानाच्या पात्रातून वाळू उपसायचा.
हे त्याचं खरं नाव नाही,
आणि कदाचित वाळूही नसेल.
कंपनीच्या चिठ्ठीवर होतं: झोप नाही, कामावर मारामारी.
पहिले सात मंगळवार तो गप्प बसला.
मौनाला घाई करू नये, हे मी शिकले होते,
पण पुस्तकातलं मौन धुतलेलं असतं,
याच्या मौनाला डिझेलचा वास होता.
त्यात माझं पोट गुरगुरायचं,
वाढलेलं घरभाडं आठवायचं,
आणि एकदा तर, कबूल करते,
त्या पन्नास मिनिटांत मी मनातल्या मनात
अख्खं स्वयंपाकघर पिवळं रंगवून काढलं.

आठव्या मंगळवारी त्यानं खिशातून पाना काढला.
"उठा," म्हणाला.
मी उठले. भीती वाटली, खोटं कशाला बोलू.
तो गुडघ्यांवर बसला, माझी खुर्ची आडवी केली,
तिचा डगमगणारा पाय आवळत राहिला
आणि त्या पायाला सांगावं तसं
सांगत गेला.

काय, ते इथे लिहिणार नाही.

पुढे दोनदाच आला.
मग फोन बंद.
दातांच्या डॉक्टरला निदान दात तरी दिसतो,
बशीत टणकन पडलेला.
मला दिसते दारातून निघालेली पाठ,
आणि पाठीवर काहीच लिहिलेलं नसतं.
बरा होऊन गेला? कंटाळून?
की नदीकडे?
शेवटच्या वेळी तो काहीतरी म्हणणार होता
आणि मी घड्याळाकडे पाहिलं.
एवढंसं पाहिलं.
त्या नजरेला मी दोन वर्षं माघारी बोलावते आहे.

घरी वॉल्तेर विचारतो, कसा गेला दिवस.
बरा, म्हणते.
तो पुन्हा विचारत नाही, शहाणा आहे,
फक्त माझ्या ताटात बटाटा जास्त वाढतो.

आणि मग परवा, जूनमधल्या थंडीत,
बेकरीच्या रांगेत तो.
खांद्यावर एक मुलगी, तिच्या डोक्यात लाल टोपी.
आमचा नियम असा, की बाहेर पेशंटनं ओळख दाखवली
तरच आपण दाखवायची.
मी पावांकडे बघत राहिले.
काचेमागचे पाव दोनदा मोजले, अकरा, मग पुन्हा अकरा.
माझी छाती इतक्या जोरात धडधडत होती
की बेकरीवाल्यानं विचारलं, बाई, बसता का?

"ही कोण?" मुलीनं विचारलं.
तो विचारात पडला.
माझं सगळं शिक्षण, बावीस वर्षांची नोकरी
त्या विचारात लटकून राहिली.
"हिची खुर्ची हलायची," तो म्हणाला.
मुलीला हे भलतंच आवडलं.
हसता हसता तिची टोपी पडली,
ती त्यानं उचलली, झटकली,
आणि ते गेले.

आज मंगळवार. चार वाजून दहा मिनिटं.
ओफेलियाला अजून सांगितलेलं नाही.
वहीतली रेघ खोडायला रबर काढलं होतं,
ते हातात तसंच आहे.
डॉक्टर रजेवर, भिंत गप्प.
मी मुद्दाम डावीकडे झुकून बघते, मग उजवीकडे.
खुर्ची हलत नाही.