दोन रुपये

स्टेटमेंट मोबाइलवर येतं, तरी मी ते
आर्णीच्या झेरॉक्सवाल्याकडून कागदावर काढून आणतो.
छत्तीस वर्षं चौथीच्या वह्या तपासल्या,
लाल पेनाशिवाय मला वाचता येत नाही.

सात तारीख. द्वारकाबाई एंटरप्रायझेस. अठराशे चाळीस.
कोण ही द्वारकाबाई?
नलू म्हणाली, "मले काय विचारता,
तुमचीच असंन कोनी."

कार्डाच्या पाठीवरचा नंबर लावला.
"थांबा" म्हणाले, आणि पेटी वाजत राहिली.
ऐकता ऐकता आठवलं: सात तारखेला दिग्रस,
इंगोल्याचं दुकान, कूलरची मोटार.
फोन ठेवला, त्याला लावला.
तो हसला. "सर, ते आमची बुढी.
पाटीवर कायबी असो, दुकान तिच्याच नावानं हाय."

द्वारकाबाईपुढे बरोबरची खूण केली.
मनातल्या मनात माफीही मागितली.

मग खाली, नऊ तारखेला,
दोन रुपये.
नावात नुसती अक्षरं, स्वर एकही नाही.
"जाऊ द्या ना," नलू म्हणाली, "कटिंगही येत नाही त्यात."

पण वर्गात असंच असायचं.
पोर आधी एक खडू उचलून बघे,
गुरुजींचं लक्ष आहे का.

पुन्हा पेटी. पूर्ण ऐकली यावेळी.
कार्ड बंद. तक्रारीचा नंबर
नलूनं कॅलेंडरवर लिहिला, दुधाच्या खाड्यांखाली.
नवं कार्ड पोस्टानं येईल म्हणे.
तोवर द्वारकाबाईची मोटार फिरते आहे,
जराशी घरघरत,
आणि तो कागद
उडू नये म्हणून मी त्यावर हात ठेवून बसलोय.