बारा किलोमीटर

धायरी फाटा ते शिवाजीनगर, बारा किलोमीटर.
पेटी तीच, निळी, आत बर्फाची लादी
आणि चिठ्ठ्या चिकटवलेलं लोकांचं रक्त.
पहाटे निघालो तर अठरा मिनिटं.
साडेनऊला निघालो तर
हिंगण्यापाशीच अठरा जातात,
पुढच्याच्या टेम्पोवरचं 'पुन्हा भेटू' वाचत.

वडील याच रस्त्यानं सायकलवर प्रेसमध्ये जायचे.
तासाभरात. डबा हँडलला.
माझी एकशे दहा सीसी, आणि संध्याकाळी
मलाही तासच लागतो.

लॅबमधले शिराळकर म्हणतात, "जरा दामटा की हो."
दामटून काय होतं, ते मी मोजलंय.
सहाच्या वेगानं दोन तास, बाराच्या वेगानं एक:
तिथे अख्खा तास हातात पडतो, खणखणीत.
पण चाळीसवरून साठवर गेलो,
दात आवळून, दांडेकर पुलाचा पिवळा चोरून,
तर हाती लागतात सहा मिनिटं.
साठवरून ऐंशीवर, तीन.
पुढे नुसता चुरा.

सहा मिनिटांत टपरीवरचा चहासुद्धा नीट निवत नाही.
दस्तगीरनं ती वाचवली होती, राजाराम पुलाजवळ.
आता तो काउंटरवर बसतो,
डावा पाय स्टुलावर ठेवून,
आणि पेटी आली की घड्याळ न बघता सही करतो.

काल रात्री रेवतीच्या वहीत शेवटचं गणित:
जाताना वेग ताशी बारा.
येताना किती ठेवला, म्हणजे
जाऊन-येऊन सरासरी चोवीस पडेल?
तिनं छत्तीस लिहिलं.
मीही तेच लिहिलं असतं.
मग तिनं ताळा केला, खोडलं,
साठ घातले, शंभर घातले,
पाचशे घातले आणि हसली,
पेन्सिल चावत गप्प झाली बराच वेळ.
"बाबा, तास तर जातानाच संपला.
यायला काही उरलंच नाही."

मी म्हटलं, रेघ मार उत्तराच्या जागी.
"रेघेला बाई गुण देत नाहीत," म्हणाली,
आणि गोल अक्षरात लिहिलं:
असा वेग नाही.

गाडीची किल्ली फ्रिजवर होती.
गजर मी पंधरा मिनिटं मागे घेतला
आणि पेटीतली लादी बदलून झोपलो.