मधलीचा झगा

हा झगा मी चारदा शिवलाय.
खरं तर एकदाच. नंतर तीनदा उसवला.

पहिल्यांदा ग्रेंज हॉलमध्ये,
व्हिटकॉम मास्तरांनी कादंबरीचं नाटक बसवलं तेव्हा.
तिघी बहिणी, एक जिना, ओल्या रंगाचा वास.
मधली झाली होती खाटकाची मुलगी,
खांद्यात रुंद, आवाजात त्याहून.
थोरली लग्न होऊन निघते त्या प्रवेशात
मास्तरांनी तिला जिन्यावर उभं केलं
आणि पानभर भाषण लिहून दिलं.
पुस्तकात ते नाही.
लोक रडले. पहिल्या बाकावरचे पाद्रीसुद्धा,
जे स्वतःच्या बायकोच्या दफनाला रडले नव्हते.

मग बॉस्टनहून सिनेमावाले आले,
एप्रिलच्या शेवटी, आणि बर्फ मागू लागले.
आमचा बर्फ केव्हाच ओढ्यातून सरोवरात गेलेला.
त्यांनी मोठ्या पंख्यापुढे कागदाचा कीस सोडला;
पेल्कींच्या कोंबड्या पुढे आठवडाभर तो टिपत होत्या.
त्यांची मधली काडीसारखी,
कमरेत मी चार बोटं आत घेतली.
ती घोडागाडीमागे धावली, अनवाणी,
अकरा वेळा,
आणि अकरा वेळा मी घोळाचा चिखल खरवडला.
पुस्तकात ती धावत नाही.

टीव्हीवाल्यांना आठ भाग भरायचे होते.
त्यांनी तिला प्रियकर दिला, टपालातला,
मिशी डिंकानं चिकटवलेला,
आणि लपवायला एक पत्र.
पत्रासाठी मी अस्तराला खिसा लावला.
काल त्यात खोकल्याची गोळी सापडली,
वेष्टनासकट. कोणाची, देव जाणे.

यंदा कॉलेजची मुलं करतायत.
मधली आहे डेल्फीन ब्यूशेन,
बापाचा दुधाचा धंदा, हातांना अजून गोठ्याचा वास.
ती पुस्तक वाचून आली. असं कोणी येत नाही.
स्टुलावर उभी राहून म्हणाली,
बाई, त्या प्रवेशात ती असते कुठे?

मी तोंडातल्या टाचण्या काढल्या.
ती नसतेच, म्हटलं. एवढंच आहे:
मधली वर चादरी मोजत होती.
त्यापुढचं वाक्य हवेबद्दल आहे,
वारा उत्तरेला फिरला वगैरे.

पण मग प्रेक्षकांना काय दिसणार?

याचं उत्तर व्हिटकॉम मास्तरांकडे होतं,
सिनेमावाल्यांकडे होतं, मिशीवाल्याकडेही असेल.
माझ्याकडे एक डबा आहे बिस्किटांचा, बटणांनी भरलेला.
ऑर्फा डुलुथला जायला निघाली त्या सकाळी
मी माडीवर बसून बटणं मोजत होते.
कोणी सांगितलं नव्हतं. गरजही नव्हती.
खालून आईनं दोनदा हाक मारली.
मोटारीचं दार लागलं तेव्हा एकशे बारा झाली होती.
दोन भोकांची वेगळी, चार भोकांची वेगळी.
मग मी पुन्हा पहिल्यापासून मोजली.

पुढे ऑर्फानं लिहिलं, तू खिडकीत तरी यायचंस.
मी हवेबद्दल लिहिलं.

हे डेल्फीनला सांगितलं नाही.
सांगितलं असतं तर तिनं तेही केलं असतं,
चांगलं केलं असतं,
आणि मला तिसऱ्या रांगेत बसून बघावं लागलं असतं.

मी म्हटलं, हलू नकोस, टाचण्या आहेत.
किती वेळ?
घोळ पुरा होईपर्यंत. मोज हवं तर.

ती मोजू लागली, ओठातल्या ओठात,
आजीच्या फ्रेंचमध्ये.
मी घोळाभोवती गुडघ्यांवर सरकत होते.
खाली दिवे तपासत होते, कोणी शिडी ओढत होतं,
कोणीतरी जिन्याशी येऊन तिला हाक मारली.

तिनं ओ दिली नाही.
बेचाळीसवर होती.